हरण्याची अट आधी लिहिणारा शास्त्रज्ञ

जयंत नारळीकरांच्या लेखनातले सर्वांत देखणे काय, असे विचारले तर बहुतेक मराठी वाचक ‘यक्षांची देणगी’ किंवा ‘प्रेषित’चे नाव घेतील, कोणी ‘चार नगरांतले माझे विश्व’ या आत्मचरित्राचे घेईल. मी २००९ साली ‘करंट सायन्स’मध्ये छापून आलेल्या अवघ्या तीन पानांच्या एका शोधनिबंधाचे नाव घेईन. फलज्योतिषाची संख्याशास्त्रीय कसोटी हा त्याचा विषय. लेखक चार: नारळीकर, पुणे विद्यापीठातले संख्याशास्त्रज्ञ सुधाकर कुंटे, अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे नरेंद्र दाभोलकर आणि ज्योतिष शिकून पुढे त्याचेच चिकित्सक झालेले प्रकाश घाटपांडे. शोधनिबंधाचे रसग्रहण सहसा कोणी करत नाही. पण बांधणी, संयम आणि नेमकेपणा हे साहित्याचे गुण मानायचे असतील, तर ही तीन पाने त्या मानाची धनी आहेत. शिवाय नारळीकर नावाच्या माणसाची सगळी घडण त्यांत उतरली आहे.

आधी रचना पाहू. जन्मकुंडलीवरून माणसाची बुद्धिमत्ता सांगता येते, असे ज्योतिषी म्हणतात. मग दोन टोकांची मुले घ्यायची. अभ्यासात चमकलेली १०० मुले आणि बौद्धिक अक्षमता असलेली, खास शाळांत शिकणारी १०० मुले. समितीच्या कार्यकर्त्यांनी त्यांच्या जन्माची तारीख, वेळ आणि स्थळ गोळा केले, त्यावरून पत्रिका मांडल्या गेल्या. प्रत्येक पत्रिकेला सांकेतिक क्रमांक दिला आणि कोणती पत्रिका कोणत्या गटातली याची नोंद कुंटे यांच्याकडे बंदोबस्तात ठेवली. मे २००८ मध्ये पुण्यात पत्रकार परिषद घेऊन ज्योतिष्यांना जाहीर आवाहन केले. भाग घेणाऱ्याला ४० पत्रिका मिळणार आणि त्याने एवढेच सांगायचे की हे मूल हुशार गटातले की दुसऱ्या गटातले. ४० पैकी निदान २८ उत्तरे बरोबर आली तर तो कसोटीला उतरला.

या मांडणीत पहिली मोहिनी प्रश्नाची आहे. ज्योतिषाशी वाद घालणे अवघड जाते, कारण त्याची विधाने सैल असतात. ‘वर्ष संमिश्र जाईल’, ‘वडीलधाऱ्यांच्या प्रकृतीची काळजी घ्या’ अशा वाक्यांना खोटे ठरवायची सोयच नसते. नारळीकरांनी वाद सोडून दिला आणि ज्योतिष्यांच्याच दाव्यांतला असा एक दावा निवडला, ज्याचे उत्तर दोनांपैकी एकच असू शकते. राजयोग, साडेसाती, ग्रहांचे अंश यांच्या वर्णनाला तिथे जागा नाही. मंगळ एवढ्या लांबून मुलाच्या मेंदूवर परिणाम कसा करील, हा पदार्थविज्ञानाच्या माणसाला सहज सुचणारा प्रश्नही त्यांनी विचारला नाही. परिणाम कसा होतो ते नंतर बघू, आधी होतो का ते पाहू. एका भौतिकशास्त्रज्ञाने आपले सगळ्यांत धारदार शस्त्र बाजूला ठेवून समोरच्याच्या मैदानावर जावे, यात मला मोठा डौल दिसतो.

दुसरी मोहिनी २८ या आकड्यात आहे. नाणे उडवून उत्तरे दिली तर ४० पैकी सरासरी २० बरोबर येतील. कधी २२ येतील, कधी १७. पण निव्वळ नशिबाने २८ किंवा त्याहून अधिक येण्याची शक्यता शंभरात एकापेक्षाही कमी आहे. म्हणजे उंबरठा एवढा उंच आहे की नशिबाने ओलांडता येऊ नये, आणि एवढा खालीही आहे की थोडेफार खरे ज्ञान असलेल्याला तो जड जाऊ नये. चाळीसच्या चाळीस बरोबर सांगा, असे कोणी म्हटलेले नाही. दहापैकी तीन चुका माफ आहेत. आयुष्यभर पत्रिका पाहणाऱ्या माणसाला ही सवलत उदारच म्हणायला हवी.

आणि हा आकडा आधी जाहीर केला आहे. मला हीच या रचनेची मध्यवर्ती जागा वाटते. निकाल हाती आल्यावर अर्थ लावायला बसलेला माणूस आपल्या सोयीचा अर्थ लावतोच, मग तो ज्योतिषी असो की शास्त्रज्ञ. आकडा आधी लिहिला की दोघांचेही हात बांधले जातात. उद्या कोणी ज्योतिषी ३१ बरोबर सांगून गेला असता, तर नारळीकरांना त्याच वर्तमानपत्रांतून ते मान्य करावे लागले असते. आपण कोणत्या परिस्थितीत हरलो असे समजायचे, हे त्यांनी स्वतःच्या हाताने आधी लिहून ठेवले होते. अंधश्रद्धेविरुद्ध बोलणारे पुष्कळ असतात. स्वतःच्या पराभवाची अट एवढ्या स्वच्छ अक्षरांत लिहून देणारे थोडे.

निकाल कोरडा आहे. ज्योतिष्यांच्या काही मंडळींनी बहिष्काराची भाषा केली, तरी ५१ जणांनी पत्रिका मागवल्या आणि २७ जणांनी उत्तरे पाठवली. त्यांच्या बरोबर उत्तरांची सरासरी ४६ टक्के आली. एका ज्योतिष संस्थेने सगळ्या २०० पत्रिका घेतल्या. तिची १०२ उत्तरे बरोबर निघाली, म्हणजे ५१ टक्के. सर्वांत यशस्वी ज्योतिष्याला ४० पैकी २४ गुण मिळाले. हा २४ चा आकडा ऐकून कोणी म्हणेल, ६० टक्के म्हणजे काही कमी नाही. पण २७ माणसांना नुसती नाणी उडवायला बसवले असते, तरी त्यांतल्या तीनचार जणांना २४ किंवा अधिक गुण मिळायला हरकत नव्हती. सत्तावीस जणांत कोणीतरी पहिला येणारच, आणि पहिला येणे म्हणजे विद्या असणे नव्हे. लोकांना हे पटवणे फार कठीण आहे. ज्याची एखादी भविष्यवाणी खरी ठरली तो लक्षात राहतो, बाकीचे सव्वीस विसरले जातात. कसोटीने त्या सव्वीस जणांचीही नोंद ठेवली, हे तिचे मोठे काम.

आता सूर. आकडे असे आल्यावर एखाद्या फुशारकीच्या वाक्याचा मोह कोणालाही झाला असता. इथे विजयाचा उद्गार नाही आणि सहभागी झालेल्या ज्योतिष्यांची खिल्ली तर नाहीच. ज्याने उत्तरे पाठवली त्याने एक प्रामाणिक गोष्ट केली, हा आदर सगळ्या मांडणीत जाणवतो. नारळीकरांच्या संशयवादाचा हा खास स्वभाव आहे. समोरच्याला मूर्ख ठरवण्यात त्यांना रस नव्हता. प्रश्नाचा निकाल लागावा, एवढाच त्यांचा ध्यास.

हा स्वभाव आला कुठून, याची उत्तरे त्यांच्या आयुष्यात ठिकठिकाणी सापडतात. जन्म १९ जुलै १९३८चा, कोल्हापूरचा. वाढले मात्र बनारसला. वडील विष्णु वासुदेव नारळीकर बनारस हिंदू विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक आणि विभागप्रमुख होते, आई सुमती संस्कृतच्या विदुषी. घरात फळे होते. एम.एस्सी.साठी त्यांच्याकडे राहायला आलेले मोरेश्वर हुजूरबाजार, म्हणजे मोरूमामा, त्या फळ्यावर भाच्याला आव्हान म्हणून गणिताचे कोडे लिहीत. ते सुटेपर्यंत पुसले जात नसे. ही आठवण नारळीकरांनी अनेकदा सांगितली आणि ती प्रसिद्धही आहे, पण तिच्यातली एक गोष्ट नजरेतून निसटते. फळ्यावरचे कोडे वय विचारत नाही, कोणाचा मुलगा ते विचारत नाही. सुटले की सुटले. बनारसच्या त्या मुलाला निर्णयाचा अधिकार माणसाकडून काढून प्रश्नाकडे द्यायची सवय फार लवकर लागली.

पुढे केंब्रिजला १९५९ साली गणिताच्या ट्रायपॉस परीक्षेत सीनियर रँग्लर, १९६० साली टायसन पदक, १९६३ साली फ्रेड हॉईल यांच्या हाताखाली पीएच.डी., आणि १९६५ साली, सत्ताविशी गाठण्याआधी पद्मभूषण. ही यादी मराठी घरांत तोंडपाठ आहे, म्हणून तिच्यावर रेंगाळत नाही. मला त्याहून मोलाची वाटते ती १९७४ची एक छोटी घटना. मराठी विज्ञान परिषदेने विज्ञानकथांची स्पर्धा जाहीर केली. नारळीकर तेव्हा मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत होते आणि त्यांचे नाव देशभर दुमदुमत होते. त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा लिहिली आणि नारायण विनायक जगताप या नावाने पाठवली. स्वतःच्या नावाची आद्याक्षरे त्यांनी उलटी केली होती. अक्षर ओळखू येईल म्हणून पत्नी मंगला यांच्याकडून ती उतरवून घेतली. कथेला पहिला क्रमांक मिळाला.

लोक हा किस्सा गमतीने सांगतात. मला त्यात २००८च्या कसोटीचे बीज दिसते. लेखकाचे नाव झाकले, हस्ताक्षर झाकले, परीक्षकांपुढे नुसती कथा ठेवली. पत्रिकांना सांकेतिक क्रमांक देणे ही तीच पद्धत. जी शिस्त चौतीस वर्षांनी त्यांनी ज्योतिष्यांना लावली, ती आधी स्वतःला लावलेली होती. कथा पडली असती तर जगताप हरले असते आणि नारळीकरांनी ते मुकाट्याने मान्य केले असते. इतरांवर घालायची अट आधी स्वतःवर घालून पाहणारा माणूस कसोटीची भाषा बोलतो तेव्हा तिला वजन येते.

त्यांच्या कथांकडे या नजरेने पाहिले तर त्याही पुराव्याच्या कथा आहेत. ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ घ्या. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत अशा एका जगात जाऊन पोहोचतात, जिथे मराठ्यांनी १७६१चे पानिपत जिंकले आहे. आपल्या इतिहासात विश्वासरावांना लागलेली गोळी त्या जगात त्यांना चाटून गेली आहे. पंत परत येतात तेव्हा त्यांच्याजवळ त्या दुसऱ्या जगातल्या बखरीचे फाटके पान असते. स्वप्नरंजन करणाऱ्या लेखकाने आणखी चार पाने मराठ्यांच्या वैभवाच्या वर्णनात घालवली असती. नारळीकर ते पान टेबलावर ठेवतात, त्याच बखरीच्या आपल्या जगातल्या मजकुराशी ताडून पाहतात आणि मग कार्यकारणाची चर्चा सुरू करतात. कल्पनेची झेप मोठी आहे, पण खाली उतरताना हातात एक कागद हवाच, हा त्यांचा आग्रह आहे. मराठी मनाला सर्वांत हळव्या असलेल्या जागेवर त्यांनी हा आग्रह धरला, म्हणून ती कथा मनात रुतते.

‘धूमकेतू’ या कथेत तर घरातलाच संघर्ष आहे. हौसेने आकाश न्याहाळणाऱ्या दत्तांना धूमकेतू सापडतो, पुढे तो पृथ्वीवर आदळणार असे गणित निघते आणि शास्त्रज्ञ त्याला वळवण्याची योजना आखतात. इकडे दत्तांच्या घरी संकटनिवारणासाठी यज्ञ होतो. धूमकेतू टळतो. श्रेय कशाला द्यायचे? घरच्यांच्या मनात उत्तर आधीच ठरलेले असते. लेखकाने त्या माणसांना वाईट रंगवलेले नाही. त्यांची माया खरी आहे, भीतीही खरी आहे. विज्ञान जिंकूनही घरात हरते, हे दुःख तो आवाज न चढवता सांगतो. अंधश्रद्धा म्हणजे बाहेरचा कोणी भोंदू, असे मानून मोकळे होणे सोपे असते. ती आपल्या माणसांच्या प्रेमात मिसळलेली असते, हे या कथेने ओळखले आहे. नारळीकरांच्या कथांतली माणसे पुष्कळदा कल्पनेची वाहक म्हणूनच येतात, त्यांच्या मनाचे पीळ फारसे उलगडत नाहीत, हा आक्षेप मला मान्य आहे. पण ‘धूमकेतू’सारख्या ठिकाणी त्यांची साधी, अलंकार टाळणारी भाषा दुःख नेमके पोहोचवते.

त्यांच्या आयुष्यातला सर्वांत कठीण भाग विश्वरचनाशास्त्राचा आहे, आणि रसिकाने तो टाळू नये. विश्वाला एका महास्फोटातून आरंभ झाला, हे बहुतेक शास्त्रज्ञांचे मत. हॉईल आणि त्यांचे सहकारी मात्र विश्वाला आरंभच नाही असे मानणाऱ्या स्थिर-स्थिती सिद्धान्ताचे पुरस्कर्ते होते. १९६१ साली मार्टिन राइल यांनी आकाशातल्या रेडिओ-स्रोतांच्या गणनेवरून तो सिद्धान्त बाद झाल्याचे जाहीर केले, तेव्हा लंडनच्या रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीत उत्तर द्यायला हॉईल यांनी आपल्या बाविशीतल्या विद्यार्थ्याला उभे केले. १९६४ साली हॉईल-नारळीकर गुरुत्वाकर्षण सिद्धान्त आला. पण १९६५ साली विश्वातील सूक्ष्मलहरींच्या पार्श्वभूमीचा शोध लागला आणि पारडे महास्फोटाकडे झुकले. १९९३ साली नारळीकरांनी हॉईल आणि जेफ्री बर्बिज यांच्यासह सुधारित, स्थिरवत् विश्वाचे प्रारूप मांडले. तेही बहुसंख्यांनी स्वीकारले नाही.

मग हा हट्ट नव्हे का? अल्पमतात राहून आपल्याच सिद्धान्ताला धरून बसणारा शास्त्रज्ञ आणि कसोटीला नकार देणारा ज्योतिषी यांत फरक काय? फरक आहे, आणि तो नारळीकरांच्या वागण्यात स्पष्ट दिसतो. त्यांनी आपला पर्याय समीकरणांत मांडला, निरीक्षणांशी ताडता येईल असे निष्कर्ष काढले, आणि तज्ज्ञांच्या नियतकालिकांत टीकेसाठी ठेवले. सिद्धान्त दुबळा ठरला तर कोणत्या निरीक्षणाने ठरला, हे आज सांगता येते. ज्योतिषाबद्दल तसे सांगायची सोय ज्योतिषी ठेवत नाहीत. चुकण्याची शक्यता पत्करून, सगळ्यांसमोर, मोजता येईल अशा भाषेत मतभेद मांडणे, याला वैज्ञानिक मतभेद म्हणतात. आयुष्यभर अल्पमताचे ओझे वाहिल्यामुळेच, बहुमताच्या जोरावर कोणाचा आवाज दाबायचा नसतो, हे त्यांना आतून ठाऊक होते. ज्योतिष्यांशी वागतानाची त्यांची ऋजुता तिथून आली असावी, असे मला वाटते.

परंपरेशी त्यांचे नातेही असेच पारखून घेतलेले होते. २००१ साली विद्यापीठ अनुदान आयोगाने विद्यापीठांत वैदिक ज्योतिषाचे अभ्यासक्रम सुरू करायचे ठरवले. पुण्याची ‘आयुका’ ही आयोगाचीच संस्था. १९८८ साली तिची उभारणी नारळीकरांनी केली आणि २००१ सालीही तेच तिचे संचालक होते. तरीही ते गप्प बसले नाहीत. हे ज्योतिष वैदिकही नाही आणि विज्ञानही नाही, असे त्यांनी जाहीरपणे लिहिले. त्याच वर्षी त्यांनी संस्कृतच्या विदुषी सरोजा भाटे यांच्यासह एक वेगळा शोध प्रसिद्ध केला. १०५४ साली चीनमध्ये नोंदला गेलेला ताऱ्याचा स्फोट आपल्याकडेही कोणी पाहून लिहून ठेवला होता का? जुने संस्कृत ग्रंथ धुंडाळले, पण ठाम म्हणावा असा पुरावा हाती आला नाही आणि त्यांनी तसेच लिहिले. पूर्वजांचा खरा अभिमान असलेला माणूस त्यांच्या नावावर विमाने आणि अण्वस्त्रे खपवत नाही. त्यांनी खरोखर काय पाहिले, ते कष्टाने शोधतो आणि सापडले नाही तर ‘नाही’ म्हणतो. संस्कृत विदुषीच्या मुलाला हे ‘नाही’ लिहिताना वाईट वाटले असेल. तरी ते लिहिले, हा त्या अभिमानाचा कस.

२००१ साली हैदराबादहून सोडलेल्या फुग्यातून ४१ किलोमीटरपर्यंतच्या उंचीवरची हवा गोळा करण्याच्या त्यांच्या प्रयोगातही तेच. जीवाणू सापडले, पुढच्या फेरीत तीन नव्या जाती मिळाल्या, एकीला हॉईल यांचे नाव दिले गेले. जीवसृष्टी अंतराळातून आली असावी, ही गुरूंची लाडकी कल्पना. ती सिद्ध झाली असे म्हणायचा मोह केवढा असेल! पण हे जीवाणू बाहेरून आल्याचे यातून निश्चित होत नाही, असेच सांगितले गेले.

विज्ञानप्रसाराचे त्यांचे काम डोंगराएवढे आहे. त्यासाठी १९९६ साली युनेस्कोचे कलिंग पारितोषिक मिळाले, आत्मचरित्राला २०१४ साली साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, २०२१ साली नाशिकच्या ९४व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपदही मिळाले. या सगळ्यात मला त्यांची एक साधी रीत सर्वाधिक प्रिय आहे. मुले स्वाक्षरी मागायला आली की ते म्हणत, पोस्टकार्डावर विज्ञानाचा एक प्रश्न लिहून पाठवा, उत्तराखाली सही मिळेल. मोठ्या माणसाची सही घेणे आणि ज्योतिष्याचा शब्द झेलणे, या दोन्हींत आपण प्रश्न न विचारता काहीतरी स्वीकारत असतो. नारळीकरांनी सहीलाही प्रश्नाची किंमत लावली. व्यक्तिपूजेच्या देशात स्वतःच्या पूजेवर घातलेला हा सौम्य निर्बंध होता.

त्या शोधनिबंधाच्या चार लेखकांपैकी नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात गोळ्या घालून खून झाला. ती तीन पाने वाचताना हे विसरता येत नाही. ज्यांना या कसोटीचा निकाल आवडला नसेल त्यांना दुसरी कसोटी घेण्याची मुभा होती आणि आजही आहे. पद्धत छापलेली आहे, आकडे छापलेले आहेत. युक्तिवादाला युक्तिवादाने उत्तर द्यायची एवढी उघडी वाट असताना बंदुकीची वाट धरली जाते, तेव्हा त्या पानांतल्या सभ्यतेची किंमत कळते.

नारळीकर २० मे २०२५ रोजी पुण्यात गेले. त्यांच्यावर प्रेम करणाऱ्या वाचकाला माझे एकच सांगणे आहे. त्यांच्या कथा वाचाच, आत्मचरित्रही वाचा, पण त्यांची रीतही उचला. आपण ज्यावर गाढ विश्वास ठेवतो अशी एक गोष्ट निवडा, औषधाची, उपासाची, मुहूर्ताची, नाहीतर राजकारणातली. काय दिसले तर माझे मत चुकले असे मी मानीन, हे आजच एका कागदावर लिहा, तारीख घाला आणि घरातल्या दुसऱ्या कोणाच्या तरी हाती द्या. तो कागद लिहिता येत नसेल, तर त्या मतावर आपण अजून विचारच केलेला नाही.